ठिपके किती होते?

प्रश्न : २००६ पासून आम्ही चाळीसेक जणी एका साइटवर ठिपक्यांच्या रांगोळ्या टाकायचो. काही पुण्यातल्या, बाकी नागपूर, बेळगाव, थेट दुबईपर्यंतच्या. साइट बंद पडली आणि सगळं गेलं. माझ्याकडे एका सीडीवर दोनशे फोटो उरलेत. ते कसे जपू?
– एक वाचक, सदाशिव पेठ

उत्तर : ताई, सीडी आजच कॉम्प्युटरवर उतरवून घ्या. घरी कॉपी केलेल्या सीडी वर्षं गेली की वाचता येईनाशा होतात. एक प्रत पेनड्राइव्हवर, एक दुसऱ्या कुणाच्या घरी. हे तासाभराचं काम.

खरं काम पुढे आहे. रंग भरलेल्या रांगोळीच्या फोटोत ठिपके दिसत नाहीत. १५ ते ८ म्हणजे मधल्या ओळीत १५, मग वर आणि खाली एकेक कमी करत ८, हे कळलं की शाळकरी मुलगीही काढते. गेल्या दिवाळीत मी नुसत्या फोटोवरून एक कमळ उतरवायला बसले. तीनदा पुसलं. मधली ओळ १३ची की १५ची, शेवटपर्यंत कळेना. तुमच्या गटात फोटोखाली कुणीतरी हमखास विचारलं असणार, ‘किती ठिपके गं?’ आणि खाली उत्तर असणार. मला हळहळ वाटते ती त्या उत्तरांची.

त्यातलं थोडं अजून हाती लागेल. तेव्हा बऱ्याच साइटवरून आपल्याला आलेली प्रतिक्रिया ईमेलनेही यायची. जुन्या मेलमध्ये ‘ठिपके’ शोधा. रोमन लिपीतही शोधा, कारण तेव्हा आपण मराठी तसंच टाइप करायचो. साइटचा पत्ता आठवत असेल तर वेबॅक मशीनमध्ये घालून पाहा. इंटरनेट आर्काइव्ह या ऑनलाइन संग्रहालयाने जुन्या वेबपानांच्या प्रती तिथे जपून ठेवल्यात. मात्र लॉगिन करूनच दिसणारी पानं तिथे बहुधा नसतात. २००९ साली जिओसिटीज ही लोकांनी स्वतःची पानं बनवायची जुनी साइट बंद झाली, तेव्हा आर्काइव्ह टीमच्या स्वयंसेवकांनी त्यातलं बरंच उतरवून घेतलं, ते जमलं, कारण पानं सगळ्यांना खुली होती.

मग मैत्रिणींना फोन लावा. जिची रांगोळी तिला फोटो पाठवा, ठिपके विचारा आणि आकडा फाइलच्या नावातच घाला. इंटरनेट आर्काइव्हवर ठेवायचं मनात असेल तर तिला आधी विचारा. जिचा पत्ताच नाही, तिची रांगोळी घरीच राहू दे.

सुरुवात वयाने सगळ्यात मोठ्या असतील त्यांच्यापासून करा. फोनवर आठवलं नाही तर फोटो घेऊन घरी जा. माझ्या सासूबाईंना आकडा तोंडी कधीच सांगता यायचा नाही. फरशीवर बोट टेकवत गेल्या की लगेच सांगायच्या.