समुद्रावर पहिली कविता लिहिताना

आधी ‘अथांग’, ‘अफाट’, ‘निळाशार’ खोडा. हे शब्द आभाळालाही चालतात. त्यापेक्षा एकच लाट धरा: परतताना ती टाचेखालची वाळू ओढून नेते, आपण नकळत मागे कलतो. एवढ्यावर आठ-दहा ओळी होतात. भरती-ओहोटी आणलीत तर हिशेब सांभाळा. बहुतेक किनाऱ्यांवर दोन भरत्यांमध्ये साधारण १२ तास २५ मिनिटं जातात आणि उधाण अमावास्या-पौर्णिमेच्या आसपास येतं. अष्टमीच्या अर्ध्या चंद्राखाली उधाण लिहिलंत, की जाणता वाचक तिथेच अडतो. लय हवी म्हणून ओळीओळीला यमक नको. लाटा एका मापाच्या नसतात, ओळीही लहानमोठ्या ठेवा. आणि ‘माझं मन म्हणजे समुद्र’? ती ओळ सरळ काढा.