पेले यांचा खेळ जुन्या चित्रफितींमध्ये कितपत पाहायला मिळतो?

ब्राझीलचे फुटबॉलपटू पेले विश्वचषकात खेळताना आपल्याला पुष्कळ पाहायला मिळतात. ब्राझीलमधील सान्तोस क्लबकडून वर्षानुवर्षे खेळलेले पेले मात्र त्या मानाने फारच थोडे, आणि याची हळहळ वाटते.

सुरुवात 29 जून 1958 रोजी स्टॉकहोमजवळ झालेल्या विश्वचषकाच्या अंतिम सामन्याच्या कृष्णधवल चित्रणापासून करावी. त्यात 17 वर्षांचे पेले चेंडू छातीवर झेलतात, अंगावर धावून आलेल्या स्वीडिश बचावपटूच्या डोक्यावरून तो अलगद उचलतात आणि जमिनीवर टेकण्याआधीच गोलजाळ्यात मारतात. सामना 5-2 असा जिंकल्यावर गोलरक्षक जिल्मार यांच्या खांद्यावर डोके ठेवून रडणारा तो मुलगाही अवश्य पाहावा. 1970 च्या मेक्सिकोतील स्पर्धेचे चित्रण रंगीत आहे. इटलीविरुद्धच्या अंतिम सामन्यात संघातील सहकारी कार्लोस आल्बेर्तो यांच्यासाठी त्यांनी उजवीकडे मान वर न करता सरकवलेला पास माझ्या मते त्यांच्या कित्येक गोलांपेक्षा सरस आहे. 19 नोव्हेंबर 1969 रोजी रिओतील माराकाना मैदानावर पेनल्टीवर केलेला, कारकिर्दीतील हजारावा म्हणून गणला गेलेला गोलही चित्रित झालेला आहे.

परंतु ज्याला ते स्वतः आपला सर्वांत सुंदर गोल म्हणत, तो 2 ऑगस्ट 1959 रोजी साओ पावलोत झुव्हेन्तुस या तिथल्याच संघाविरुद्ध केलेला गोल कोणत्याही चित्रफितीत नाही. त्याची जी दृश्ये आज फिरतात, ती प्रत्यक्षदर्शींच्या आठवणींवरून पुढे संगणकावर तयार केलेली आहेत. त्यांना मूळ चित्रण समजू नये.