आधी कान लाव

प्रिय,

संगीत-नृत्याचं चित्रण करायला कॅमेरा कुठला घेऊ, असं तू विचारलंस. ते नंतर बघू.

संगीतावर माहितीपट करणारा ख्रिस्तोफर नुपेन जोहान्सबर्गचा. लंडनला आला, बीबीसी रेडिओत कार्यक्रम करायला शिकला आणि मग फिल्मकडे वळला. आधी कान, मग डोळा. 1960च्या दशकात आवाज न करणारे 16 मिमी कॅमेरे आले म्हणून त्याला वादकांच्या अगदी जवळ जाता आलं. घरघरणारं यंत्र घेऊन सेलोशेजारी कोण बसू देणार? पण ते कॅमेरे इतरांनाही मिळत होते. नुपेनचं वेगळेपण असं, की तो ज्यांचं चित्रण करायचा, त्या पुढे जगभर गाजलेल्या तरुण वादकांशी त्याची दोस्ती होती.

1969च्या ऑगस्टमध्ये लंडनच्या क्वीन एलिझाबेथ हॉलमध्ये त्याने शूबर्टच्या ‘ट्राउट’ या पाच वाद्यांसाठीच्या रचनेचं चित्रण केलं. पियानोवर बारेनबॉइम, व्हायोलिनवर पर्लमन, व्हायोलावर झुकरमन, सेलोवर जॅकलीन दु प्रे आणि डबल बासवर आपल्या मुंबईचे झुबिन मेहता. मंचामागे पोरं वाद्यांची अदलाबदल करून धिंगाणा घालतात, मग मंचावर जाऊन अख्खी रचना वाजवतात. तो धिंगाणा बघितल्यामुळे पुढचं वादन वेगळं ऐकू येतं. चारच वर्षांनी, 1973मध्ये, जॅकलीनला मल्टिपल स्क्लेरोसिस हा मज्जासंस्थेचा आजार असल्याचं कळलं. वाजवणं संपलं. बेचाळिसाव्या वर्षी ती गेली. तिला वाजवताना आज बघायचं तर बहुतेक वेळा नुपेनच्याच फिल्म्सकडे जावं लागतं. म्हणून ‘पुढच्या हंगामात शूट करू’ म्हणू नकोस.

बॅलेसाठी माहितीपटकार फ्रेडरिक वाइझमनची पॅरिस ऑपेरा बॅलेवरची 2009ची फिल्म बघ. अडीच तासांहून मोठी, निवेदन नाही, मुलाखत नाही. तालमीत एकच हालचाल पुन्हा पुन्हा घोटली जाते, आणि आपणही हळूहळू चूक ओळखायला लागतो. कंटाळा आला तर थोडा सोस.

माझी फजिती सांगतो. कथकच्या एका कार्यक्रमात चेहऱ्याच्या मोहात पडून मी क्लोज-अप धरून बसलो. तिहाई (तोच बोल तीनदा) आली, तालाची पहिली मात्रा म्हणजे सम आली, आणि पाय चौकटीबाहेर! आवाज घुंगरांचा, चित्रात भुवया. एडिटिंगला बसलो तेव्हा तोंड लपवायला जागा नव्हती. बंदिश पाठ असती, तर दोन आवर्तनं आधीच मागे सरकलो असतो.

(संगीताच्या हक्कांची परवानगी मात्र शूटिंगआधी, लेखी घे. तोंडी ‘हो’ एडिटिंग संपेपर्यंत टिकत नाही.)

पुढच्या आठवड्यात तालमीला जा. कॅमेरा घरी ठेव, वही ने. वादक नवी ओळ सुरू करण्याआधी श्वास कुठे घेतात तेवढंच टिपून मला पाठव.

तुझा,
काका