'गमत नाही' म्हणावं की 'नैराश्य'?

यवतमाळ जिल्ह्यातल्या दारव्हा तालुक्यातल्या एका आशाताईंचा प्रश्न आला आहे. त्या लिहितात: "घरोघरी फॉर्म भरताना मनाच्या तब्येतीचे दोन प्रश्न विचारावे लागतात. 'मागच्या दोन आठवड्यांत कामात रुची किंवा आनंद वाटला नाही का?' असं विचारलं की बाया म्हणतात, 'म्हंजे कसं?' मग मी 'गमत नाही का?' असं विचारते, तर लगेच बोलायला लागतात. माझी सोबतीण म्हणते, हा गावंढळ शब्द आहे, 'नैराश्य' म्हणत जा. कोणी सांगतं, डोक्यातलं केमिकल कमी होतं म्हणून सांगा. बरोबर काय?"

ताई, तुमचा शब्द बरोबर आहे. नुसता चालण्याजोगा नाही, या कामासाठी तो 'नैराश्या'पेक्षा चांगला आहे. त्याची कारणं जरा सविस्तर सांगते.

विदर्भाबाहेरच्या वाचकांसाठी आधी शब्दाची ओळख. सासरी गेलेली पोर फोनवर म्हणते, "मले इथं गमत नाही वं माय." पुण्याला शिकायला गेलेल्या पोराला आजी विचारते, "तुले गमते का तिकडं?" पश्चिम महाराष्ट्रात इथे 'करमत नाही' म्हणतील. 'गमणे' हे क्रियापद जुनं आहे. जुन्या कवितेत 'गमे', 'मज गमते' हे 'वाटे', 'मला वाटते' या अर्थानं सर्रास येतं. प्रमाण मराठीच्या रोजच्या बोलण्यातून ते गेलं. वऱ्हाड-नागपूरनं ते ठेवलं आणि त्याला रमण्याचा, गोडी वाटण्याचा अर्थ दिला. कवितेत शोभणारा शब्द वावरात बोलला तर गावंढळ होतो, हे मला पटत नाही.

आता तुमच्या फॉर्मातला प्रश्न. मूळ इंग्रजी प्रश्नावलीत पहिला प्रश्न आहे तो गोष्टींमधली गोडी आणि सुख कमी होण्याचा. मन खाली बसणं, उदास वाटणं, आशा न उरणं हा दुसरा. दोन्ही वेगळे ठेवले आहेत, कारण कित्येक माणसं रडत नाहीत, उदास आहे असं म्हणत नाहीत, पण त्यांना कशातच काही वाटत नाही. या अवस्थेला मानसशास्त्रात 'ॲनहेडोनिया' म्हणतात. फ्रेंच मानसशास्त्रज्ञ थिओड्युल रिबो यांनी 1896 मध्ये हा शब्द ग्रीकवरून घडवला. त्यांना तो घडवावा लागला. दारव्ह्याच्या बाईजवळ त्यासाठी घरचा शब्द आधीच आहे.

इथे मेंदूच्या संशोधनातली एक गोष्ट सांगितल्याशिवाय पुढे जाववत नाही. मिशिगन विद्यापीठातले केंट बेरिज आणि टेरी रॉबिन्सन यांनी उंदरांच्या मेंदूतलं डोपामिन हे रसायन जवळजवळ संपवलं. ते उंदीर समोर ठेवलेलं खायला उठेनात, त्यांना नळीनं भरवावं लागलं. पण जिभेवर साखरेचं पाणी टाकलं, की आधीसारखेच मिटक्या मारायचे. म्हणजे गोड लागत होतं, पण ते मिळवायची ओढ गेली होती. 'आवडणं' आणि 'हवंसं वाटणं' यांचे मेंदूतले मार्ग वेगवेगळे आहेत, हे त्यातून पुढे आलं. आज डिप्रेशनवर काम करणारे संशोधक रोग्याचं नेमकं काय हरवलं आहे, आवड की ओढ, हे वेगवेगळं तपासतात. आपल्याकडच्या बोलण्यात ही दोन्ही वेगळीच आहेत! "भजनात गमत नाही" म्हणजे जाऊन बसले, पण गोडी नाही. "भजनाले जाले मनच नाही होत" म्हणजे उंबरठाच ओलांडवत नाही. तुम्ही ऐकताना हा फरक टिपून ठेवा. पुरुष 'गमत नाही' फारसं म्हणणार नाहीत, ते 'टेन्शन हाये' म्हणून विषय संपवतात. त्यांना "वावरात जाले मन होते का?" असं विचारून पाहा.

या शब्दाचं व्याकरणही मला फार मोलाचं वाटतं. 'मले गमत नाही' यात 'मी' कर्ता नाही. मले भूक लागते, मले थंडी वाजते, मले आठवण येते, त्याच घडणीचं हे वाक्य. जे होतं ते माझ्याकडे येतं, मी ते करत नाही. आता 'लय इचार करते' हे बघा. इथे करणारा मीच. म्हणून पुढचं वाक्य ठरलेलं: "काहून इतका इचार करतं? नोको करू!" जणू तो विचार थांबवणं तिच्या हातात आहे. पण 'इचार लागला', 'घोर लागला' म्हटलं की दोष तिच्याकडे जात नाही. 'हाय खाल्ली' मात्र फसवं आहे. दुखणं नेमकं सांगतं, पण खाणारा तोच, म्हणून ऐकणारा सहज म्हणतो, "त्यानंच हाय खाल्ली, दुसरं काय?"

'फार विचार' या तक्रारीबद्दल एक भर. झिम्बाब्वेत शोना भाषेत 'कुफुंगिसिसा' असा शब्द आहे, अर्थ हाच, फार विचार करणं. तिथले मनोविकारतज्ज्ञ डिक्सन चिबांडा यांनी वस्तीतल्या आज्यांना शिकवून दवाखान्याबाहेरच्या बाकावर बसवलं. त्या रोग्याशी याच शब्दात बोलतात. 2016 मध्ये छापल्या गेलेल्या चाचणीत या बाकावर बोलून गेलेल्यांची लक्षणं, नेहमीचे उपचार मिळालेल्यांपेक्षा पुष्कळ कमी झालेली दिसली. अमेरिकी मनोविकारतज्ज्ञांच्या 2013 च्या निदान-पुस्तिकेतही हा शोना शब्द नोंदला आहे. लोकांचा शब्द तिथपर्यंत पोचू शकतो.

मग 'नैराश्य' कुठे अडतं? एक तर ते 'निराशा'वरून आलं, आणि निराशा कशाची तरी असते. कापसाचा भाव पडला, निराशा झाली. भाव चढला, गेली. हा आजार तसा हिशेबानं चालत नाही. पीक चांगलं आलं, पोरीचं लग्न झालं, तरी तो घरात असू शकतो. दुसरं कारण जास्त जड आहे. आपल्या भागात 'नैराश्यातून' हा शब्द वर्षानुवर्षं एकाच प्रकारच्या बातमीत छापून येतो आहे. तुम्ही एखादीला "तुम्हाला नैराश्य आहे" म्हणालात, तर घरातल्या माणसांच्या डोळ्यांसमोर पहिल्यांदा ती बातमी येते. शास्त्रीय लेखात 'नैराश्य' राहू द्या, दारात नको. हिंदीतून येणारा 'अवसाद' आपला नाही, पण त्याचा धातू ओळखीचा आहे: सद्, म्हणजे खचणं, बसणं. 'विषाद'ही त्यातलाच. गीतेच्या पहिल्या अध्यायात अर्जुन आधी शरीराचं सांगतो, गात्रं गळतात, तोंड कोरडं पडतं. आपल्या बायाही आधी तेच सांगतात: अंगात जीव नाही, डोकं जड हाये, झोप नाही. त्या मनाचं लपवतात असं समजू नका. शरीराची ही लक्षणं आजाराचाच भाग आहेत.

एक सावधगिरी हवी. प्रत्येक 'गमत नाही' हा आजार नव्हे. नव्या नवरीला महिनाभर सासरी गमणार नाही, आणि पुढे गमेलही. म्हणून शब्द तुमचा, पण मुदत फॉर्माची ठेवा: "आधी ज्याच्यात गमे, म्हणजे पोरं, टीव्ही, शेजारणीशी बोलणं, त्याच्यात दोन आठवड्यांपासून गमत नाही, असं होते का? किती दिवस? रोजच का?" उत्तर 0 (अजिबात नाही) ते 3 (जवळजवळ रोज) मध्ये बसवा, आणि दोन्ही प्रश्नांची बेरीज 3 च्या वर गेली, की सीएचओ (समुदाय आरोग्य अधिकारी) किंवा डॉक्टरांकडे पाठवा.

'केमिकल' मात्र सोडा. 2022 मध्ये ब्रिटिश मनोविकारतज्ज्ञ जोआना मॉनक्रिफ आणि सहकाऱ्यांनी आधीचं संशोधन एकत्र तपासलं. मेंदूतलं सेरोटोनिन हे रसायन कमी झाल्यामुळे डिप्रेशन होतं, याला एकसारखा पुरावा त्यांना मिळाला नाही. याचा अर्थ चालू गोळ्या बंद करा असा मुळीच नाही, त्या डॉक्टरांना विचारूनच कमी-जास्त करायच्या. पण 'केमिकल कमी झालं' हे वाक्य आपण ठामपणे सांगू नये. शिवाय कपाशीच्या गावात केमिकल म्हणजे फवारणीचं. 'औषध' हा शब्दही तिथे दोन अर्थांचा आहे, आणि "त्यानं औषध घेतलं" याचा अर्थ तुम्हाला मी सांगायला नको. म्हणून 'गोळ्या' म्हणा. तसंच 'काही बरं-वाईट वाटते का' असं आडून विचारू नका. "जीव द्यावासा वाटते का?" असं सरळ, हळू आवाजात विचारा. विचारल्यानं तो विचार मनात रुजत नाही, हे अभ्यासांतून दिसलं आहे. उत्तर 'हो' आलं, तर बेरीज कितीही असो, त्या माणसाला एकटं सोडू नका आणि त्याच दिवशी डॉक्टरांना कळवा. टेलि-मानस या सरकारी मानसिक आरोग्य मदतवाहिनीचा 14416 हा क्रमांक रात्रीही चालतो.

तुमच्या कामानं काय होतं, याचा पुरावा शेजारच्याच जिल्ह्यात आहे. अमरावती जिल्ह्यातल्या 30 गावांत 'विश्राम' नावाचा प्रकल्प झाला. गावातल्याच कार्यकर्त्या घरोघरी बोलायच्या. डिप्रेशन असलेल्यांपैकी मदत घेणारे आधी 4.3 टक्के होते. 18 महिन्यांनंतरच्या पाहणीत ते 27.2 टक्के निघाले. हे 'लॅन्सेट सायकिॲट्री' या वैद्यकीय नियतकालिकात 2017 मध्ये छापून आलं.

राहिला सोबतिणीचा आक्षेप. नोंदवहीत 'गमत नाही' हे निदान म्हणून लिहू नका, तिथे आकडा लिहा. शेरा लिहायला जागा असेल, तर बाईचे शब्द जसेच्या तसे अवतरणात उतरवा: "जेवाले मन नाही होत", "लेकरात बी गमत नाही". ते शुद्ध करू नका. तपासणाऱ्या डॉक्टरांना त्यातूनच कळेल, की आवड गेली आहे की ओढ.