वाचकाचा प्रतिसाद की वाचकाची प्रतिक्रिया?

प्रश्न असा आहे: साहित्याच्या एका अभ्यासकाने वाचकांवरच्या प्रबंधात सगळीकडे 'प्रतिक्रिया' लिहिलं होतं, मार्गदर्शकांनी ते खोडून 'प्रतिसाद' केलं. दोन्हींचा अर्थ एकच असेल तर एवढा खटाटोप कशाला, आणि फरक असेल तर तो नेमका काय?

फरक आहे. मार्गदर्शकांनी केलेली दुरुस्ती बहुतांशी बरोबरही आहे, पण सरसकट केली असेल तर प्रबंधाचं थोडं नुकसान झालं आहे.

आधी रोजच्या बोलण्यातलं एक उदाहरण घेऊ, कारण कोशापेक्षा ते जास्त सांगतं. रुग्णाला बरं वाटू लागलं की डॉक्टर म्हणतात, 'उपचारांना चांगला प्रतिसाद देतोय.' त्याच औषधाने अंगावर पुरळ उठलं की आपण म्हणतो, 'औषधाची रिअ‍ॅक्शन आली.' प्रतिसाद रुग्ण 'देतो', रिअ‍ॅक्शन 'येते'. पहिल्यात रुग्णाचं शरीर भाग घेतं, दुसऱ्यात ते झालेलं सोसतं. तीच गोष्ट विशेषणांची. 'संतप्त' आणि 'तीव्र' हे प्रतिक्रियेला चिकटतात, 'उत्साही' आणि 'भरघोस' प्रतिसादाला. 'भरघोस प्रतिक्रिया' कानाला खटकते आणि 'संतप्त प्रतिसाद'ही जरा अडखळतो. आता ही रेघ पक्की राहिलेली नाही, 'प्रतिक्रिया द्या' असं आपण सर्रास म्हणतो. तरी शब्दांच्या सवयी सहजासहजी जात नाहीत.

आता व्युत्पत्ती. 'प्रतिक्रिया' सरळ संस्कृत. तिथे तिचा अर्थ प्रतीकार, उलट केलेली कृती, इलाज असा आहे. विज्ञानाच्या पुस्तकांमधून ती न्यूटनच्या तिसऱ्या नियमात आली: क्रियेइतकीच आणि तिच्या विरुद्ध दिशेने. त्यामुळे या शब्दात यांत्रिकपणाची एक छटा कायमची बसली आहे. ढकललं की ढकललं जातं. ढकलणारा कोण, ढकलला गेला तो कोण, याला तिथे महत्त्व नाही.

'प्रतिसाद' दिसतो संस्कृत, पण पुरता संस्कृत नाही. संस्कृतात 'साद' आहे खरा, पण त्याचा अर्थ खचणं, थकणं. 'विषाद' आणि 'अवसाद' त्या कुळातले. आपला 'साद' वेगळा. तो 'शब्द' या शब्दाचाच वंशज आहे: शब्द, मग प्राकृतात सद्द, मग मराठीत साद. हाक. साद घालतो तो हाच. म्हणजे प्रतिसाद हा संस्कृत उपसर्ग आणि मराठी तद्भव यांचा जोड आहे आणि त्याचा अर्थ हाकेला दिलेली हाक असा आहे.

त्याचं एक सख्खं भावंडही आपल्याकडे आहे: पडसाद. संस्कृत प्रतिशब्द, प्राकृत पडिसद्द, मराठी पडसाद. 'प्रति'चा 'पड' झाला, जसा प्रतिजिह्वेची पडजीभ होताना झाला. संस्कृतात प्रतिशब्द म्हणजे प्रतिध्वनी. मराठीत मात्र 'प्रतिशब्द'ने पर्यायी शब्दाचं काम उचललं, प्रतिध्वनीचं काम पडसादाकडे राहिलं, आणि हाकेला ओ देण्याचं काम प्रतिसादाने घेतलं. एकाच मुळातून निघालेल्या शब्दांनी आपापसात कामं कशी वाटून घेतली, हे पाहताना मला दर वेळी नव्याने आनंद होतो.

साहित्याच्या अभ्यासात वाचकावरून जो वाद झाला, तो याच तीन शब्दांच्या मधल्या जागेत झाला, असं माझं मत आहे. वाचक काय करतो? कवितेचा पडसाद होतो, तिच्यावर प्रतिक्रिया होतो, की तिला प्रतिसाद देतो?

1949 साली विम्सॅट आणि बिअर्डस्ली या दोन अमेरिकन समीक्षकांनी असं मांडलं, की कविता आणि कवितेचा परिणाम यांची गल्लत करू नये. वाचकाला रडू आलं, काटा आला, यावरून कविता तपासायला गेलात तर कविताच हातातून निसटते. हा आक्षेप मला खोटा वाटत नाही. पण त्यांच्यासमोर जे होतं ती वाचकाची प्रतिक्रिया होती. प्रतिक्रियेवर टाकलेला आक्षेप प्रतिसादाला तितकासा लागू पडत नाही, कारण प्रतिसादात हाक काय होती हे ऐकलेलं असावं लागतं. काहीच न ऐकता दिलेली ओ ही ओ नव्हे.

हा फरक मी एकदा स्वतः अनुभवला आहे. वडील गेल्यानंतरच्या महिन्यात एक कविता वाचत होतो. तिच्यात रिकाम्या खुर्चीचा उल्लेख आला आणि मला पुढे वाचवेना. पुस्तक मिटून ठेवलं. वर्षभराने तीच कविता पुन्हा काढली, तेव्हा दिसलं की तिच्यातली खुर्ची रिकामी नव्हतीच. तिच्यावर ऊन येऊन बसलं होतं, आणि पुढची सगळी कविता त्या उन्हाची होती. पहिल्या वेळी मी जे केलं ती प्रतिक्रिया. खरी होती, माझी होती, पण कवितेच्या एका शब्दापाशीच थांबली होती. दुसऱ्या वेळी माझं दुःख संपलं होतं असं नाही, पण ते ऊन मला दिसलं, आणि वडिलांच्या जागेकडे बघण्याची माझी नजरही त्याने थोडी बदलली. त्याला मी प्रतिसाद म्हणेन. 'वाचवेना' हे क्रियापदही बघा: 'मी वाचलं नाही' असं ते म्हणत नाही, 'मला वाचवेना' म्हणतं. प्रतिक्रियेत आपण कर्ते नसतो, हे मराठीचं व्याकरणच सांगून जातं.

काश्मीरचा तत्त्वज्ञ आणि काव्यमीमांसक अभिनवगुप्त याने रसानुभवाच्या आड येणारी सात विघ्नं सांगितली आहेत. त्यांतलं एक नेमकं हे आहे: वाचणारा किंवा पाहणारा स्वतःच्या सुखदुःखात इतका गुरफटलेला असतो की समोरच्या गोष्टीत त्याचं मन शिरतच नाही. हजार वर्षांपूर्वीचं हे निरीक्षण आजच्या मानसशास्त्राच्या वर्गात तसंच्या तसं ठेवता येईल. त्याने केलेली 'सहृदया'ची व्याख्याही इथे उपयोगी पडते. काव्याच्या सतत अभ्यासाने ज्यांच्या मनाचा आरसा स्वच्छ झाला आहे आणि म्हणून वर्ण्य विषयाशी तन्मय होण्याची ज्यांची योग्यता आहे, ते हृदयसंवादाचे धनी म्हणजे सहृदय. इथला 'संवाद' गप्पागोष्टींचा नव्हे, जुळण्याचा. संगीतातल्या 'संवादी' स्वरात तो जुना अर्थ अजून टिकून आहे.

पण हा आरसा मला एका जागी अडवतो. आरसा जे आहे ते दाखवतो, म्हणजे तो पडसादाच्या बाजूला झुकतो. विसाव्या शतकातल्या मानसशास्त्राने दाखवलं ते असं, की मनाचा आरसा कधीच सपाट नसतो. बार्टलेट या ब्रिटिश मानसशास्त्रज्ञाने उत्तर अमेरिकेतल्या आदिवासींची एक कथा केंब्रिजच्या वाचकांना वाचायला दिली आणि काही काळाने आठवून लिहायला सांगितली. त्याचं हे काम 1932 साली पुस्तकरूपाने आलं. वाचकांच्या आठवणीत कथेतली छोटी वल्हवायची होडी साधी नाव झाली, सील मारायला निघालेली माणसं मासेमारीला गेली, आणि अनोळखी, गूढ तपशील गळाले किंवा त्यांना ओळखीचं कारण चिकटलं. कोणी मुद्दाम काही बदललं नव्हतं. प्रत्येकाने आपल्या मनात आधीपासून असलेल्या घडणीत ती कथा बसवून घेतली. याला प्रतिक्रिया म्हणता येत नाही, पडसाद तर नाहीच. हाक ऐकतानाच ती आपल्या भाषेत बदलते आहे.

आय. ए. रिचर्ड्‌स या इंग्रज समीक्षकाचा प्रयोग याच्या थोडा आधीचा. त्याने केंब्रिजमधल्या विद्यार्थ्यांना कवींची नावं काढून टाकलेल्या कविता दिल्या आणि मोकळेपणाने लिहायला सांगितलं. 1929 सालच्या त्याच्या पुस्तकात अशा तेरा कविता आणि त्यांवरची टिपणं आहेत. चांगले शिकलेले वाचकही किती वेगवेगळ्या वाटांनी चुकतात हे त्यातून दिसलं. त्याने दाखवलेला एक दोष असा: आई, घर, मृत्यू असा शब्द दिसला की मनात आधीच तयार ठेवलेली भावना बाहेर काढायची, समोरची कविता काहीही म्हणत असो. मराठीत याला 'ठरीव प्रतिसाद' म्हटलेलं मी वाचलं आहे. मला तो शब्दप्रयोग पटत नाही. ठरीव असेल तर तो प्रतिसाद नव्हेच. 'साचेबंद प्रतिक्रिया' म्हणा. माझी रिकामी खुर्ची तीच.

याची दुसरी बाजू लुईझ रोझेनब्लॅट या अमेरिकन अभ्यासिकेने लावून धरली, 1938 पासून. कागदावर असतो तो मजकूर. कविता घडते ती एका विशिष्ट वाचकाच्या आणि त्या मजकुराच्या देवघेवीत. वाचकाचा भूतकाळ तिला विघ्न वाटत नाही, कच्चा माल वाटतो. पण ती तिथे थांबत नाही. आपल्याला जे वाटलं ते मजकुरातल्या कोणत्या शब्दांमुळे, याकडे वाचकाने परत जायला हवं असा तिचा आग्रह आहे. म्हणून उद्दीपक आणि प्रतिक्रिया हा मानसशास्त्रातला साचा तिने नाकारला. एका बाजूने टोचलं, दुसऱ्या बाजूने हललं, असं वाचन नसतं. वाचक टोचून घ्यायला काय निवडतो हेही त्यातच येतं. मराठीत या भूमिकेचं नाव 'वाचक-प्रतिक्रिया' ठेवलं तर तिने जे नाकारलं तेच तिच्या माथी मारल्यासारखं होईल. प्रबंधातली दुरुस्ती मी बरोबर म्हणतो ती यामुळे.

जर्मनीत वोल्फगांग इझर या साहित्य-अभ्यासकाने मजकुरातल्या रिकाम्या जागांवर भर दिला. लेखक सगळं सांगत नाही, न सांगितलेलं वाचक भरतो. तेही प्रतिसादातच बसतं. नॉर्मन हॉलंडचं प्रकरण मात्र सीमेवरचं आहे. मनोविश्लेषणाच्या वाटेने जाणाऱ्या या अभ्यासकाने 1975 साली पाच वाचकांचा अभ्यास मांडला. एकच कथा, पाच विद्यार्थी, आणि प्रत्येकाने त्या कथेत आपल्या स्वभावाची मूळ घडण पुन्हा उभी केलेली. वाचताना फार गुंतवून टाकतं हे. पण तिथे कथेपेक्षा माणूस जास्त कळतो, आणि आपण साहित्याचा अभ्यास करतोय की वाचकाचा, असा प्रश्न पडतो. हॉलंडवर लिहिताना एखाद्या जागी 'प्रतिक्रिया' हाच शब्द नेमका पडेल.

मराठीतल्या एका जुन्या शब्दाची इथे आठवण करून द्यावीशी वाटते. न. चिं. केळकरांनी वाङ्मयानंदासाठी 'सविकल्प समाधी' ही कल्पना मांडली. वाचक दुसऱ्याच्या भूमिकेत शिरतो, पण आपण आपणच आहोत हे भान सुटत नाही. समाधी, पण सविकल्प. आज आपण 'तादात्म्य' हा शब्द फार सैलपणे वापरतो. पात्राशी पूर्ण एकरूप झालो तर ओ कोण देणार? हाक मारणारा आणि ओ देणारा वेगळे उरले तरच प्रतिसाद संभवतो. केळकरांची संज्ञा आज कमी वापरात आहे याची मला खंत वाटते, कारण वाचक-प्रतिसादाच्या चर्चेला ती आतून बळ देते.

राजशेखर या संस्कृत काव्यमीमांसकाने दोन प्रतिभा सांगितल्या: कवीची कारयित्री, वाचकाची भावयित्री. वाचकाकडेही प्रतिभा असते, हे दहाव्या शतकाच्या सुमारास म्हणून ठेवलेलं आहे. भावकांचे, म्हणजे काव्याचा आस्वाद घेणाऱ्यांचे, चार प्रकारही त्याने दिले आहेत, त्यांतला 'सतृणाभ्यवहारी' मला कायम लक्षात राहतो: गवतासकट सगळंच खाणारा, जो काही निवडत नाही. या 'भावयित्री'चं मूळ 'भावयति', म्हणजे असण्याला लावणं, घडवणं. आणि तेच मूळ आपल्या 'भावणे'त आहे. संतांच्या मराठीत माणूस एखादी गोष्ट 'भावतो', म्हणजे तशी मानतो, मनात उभी करतो. आज आपण म्हणतो 'मला कविता भावली': कर्ता कविता झाली आणि वाचक 'मला'मध्ये जाऊन बसला. आवडली, पटली, कळली, भिडली, सगळीकडे तसंच. पण 'भावली'च्या पोटात वाचकाने काही घडवल्याची जुनी खूण अजून आहे. 'आवडली' म्हणून जे भागत नाही आणि 'भावली'च म्हणावंसं वाटतं, ते मला वाटतं याचसाठी.

तर प्रबंधाचं काय करायचं? शीर्षकात आणि सिद्धांताच्या प्रकरणात 'प्रतिसाद' ठेवा. पण वाचकांनी पहिल्या वाचनानंतर लगेच लिहिलेली टिपणं असतील, तर त्या प्रकरणात 'प्रतिक्रिया' परत आणा, आणि हा बदल का केला ते दोन वाक्यांत सांगा. काही महिन्यांनी त्याच वाचकांना विचारलं असेल आणि एखादी ओळ त्यांच्या बोलण्यात नकळत येत असेल, तर त्यासाठी 'पडसाद' आहे. तो वापरायला मार्गदर्शकांची हरकत असू नये.