शिक्षक संघटनेशी करार करायला सरकार बांधील आहे का?

दोडामार्ग तालुक्यातल्या एका प्राथमिक शिक्षिकेने विचारलंय, की एसटीवाल्यांच्या संघटनेशी महामंडळ वेतनकरार करतं, तर बदल्यांबद्दल जिल्हा परिषद आमच्या संघटनेशी करार का करत नाही?

मॅडम, कारण एसटीचा वाहक कायद्याने कामगार आहे, आपण नाही. १९७१ च्या राज्य कायद्याखाली कामगारांची संघटना तीस टक्के सभासद दाखवून औद्योगिक न्यायालयाकडून मान्यता मिळवू शकते. शिक्षकाला ते दार बंद. त्याचा निकाल तुमच्या शेजारीच, गोव्यातल्या एका शिक्षिकेच्या खटल्यात लागला. ए. सुंदरांबाळ विरुद्ध गोवा, दमण आणि दीव सरकार, १९८८. शिक्षणसंस्था उद्योग असली, तरी शिकवणारा 'कामगार' नव्हे, असं सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं.

संघटना काढायचा हक्क घटनेने दिलाय, पण वाटाघाटीचा आणि संपाचा हक्क त्यात आपोआप येत नाही, हे १९६२ पासून ठरलेलं आहे. २००३ च्या तामिळनाडूच्या खटल्यात तर सर्वोच्च न्यायालयाने सरकारी कर्मचाऱ्यांना संपाचा नैतिक हक्कही नाही म्हटलंय. नैतिकतेत कोर्टाने का पडावं, मला अजून पटलेलं नाही.

म्हणून आपलं निवेदन म्हणजे देवापुढचं गाऱ्हाणं. 'व्हय म्हाराजा' आपणच म्हणायचं, कौल देणं देवाच्या मर्जीवर.

तरीही संप झालेत. राज्य सरकारी कर्मचाऱ्यांचा १९७७-७८ चा संप ५४ दिवस चालला. जुन्या पेन्शनसाठी १४ मार्च २०२३ ला सगळे उतरले, तेव्हा लगोलग विधिमंडळात मेस्मा, म्हणजे अत्यावश्यक सेवांतला संप रोखणारा कायदा, मंजूर झाला आणि आठवड्याभरात समितीच्या आश्वासनावर संप मिटला. हाती करार आला नाही. आपल्याला मिळतो तो शासन निर्णय, आणि तो पुढच्या शासन निर्णयाने बदलतो. (आमदारांकडे जाल, तर लक्षात असू द्या, शिक्षक मतदारसंघात प्राथमिक शिक्षकांना मतच नाही.)

आता तुमचं काम. बदल्यांचं धोरण ग्रामविकास विभाग ठरवतो. जिल्हा परिषदेच्या सीईओंनी उद्या करारावर सही केली, तरी ती टिकणार नाही. पण 'अवघड क्षेत्रातल्या', म्हणजे जिथे पोचणंच कठीण अशा, शाळांची यादी जिल्ह्यातच होते. तिथे जोर लावा. पावसात कुठला रस्ता बंद होतो, एसटी कुठपर्यंत येते, पुढे किती चालावं लागतं, हे शाळावार लिहून द्या. पोच घ्या. बैठक झाली, तर इतिवृत्त मागून घ्या, नुसत्या 'बघू, करू'वर उठू नका. यादीवरची हरकत मुदतीतच नोंदवा, नंतर कोणी दारात उभं करत नाही.