सारंग तांडेल : पत्रिकेवर हरीण नको

प्रश्न असा आहे : "आमचं आडनाव तांडेल, गाव हर्णैजवळ. मुलाचं नाव सारंग ठेवायचं ठरतंय. सारंग म्हणजे हरीण की विष्णूचं धनुष्य? बारशाच्या पत्रिकेवर तेच चित्र छापायचा विचार आहे."

धनुष्य तर मुळीच नाही. वर्षभरात हे चौथ्यांदा ऐकतोय. विष्णूच्या धनुष्याचं नाव शार्ङ्ग. शृंग म्हणजे शिंग, शिंगाचं केलेलं ते शार्ङ्ग आणि ते धरणारा शार्ङ्गधर. बोलताना जिभेला जड, म्हणून लोकांनी त्याचा शारंगधर केला, पुढे सारंगधर. इथवर ठीक. पण नावांच्या याद्या छापणाऱ्यांनी त्यातला 'धर' उडवला आणि उरलेल्या सारंगालाच धनुष्य करून टाकलं. हरीण, चातक, भुंगा, दुपारचा राग हे अर्थ कुठल्याही कोशात सापडतील, त्यावर मी शाई खर्च करत नाही.

पण अहो, तुमचं आडनाव तांडेल! तुम्ही हरणाच्या मागे कशाला लागलात?

फारसीत सरहंग म्हणजे फौजेचा अधिकारी. इराणच्या सैन्यात आजही कर्नलला सरहंगच म्हणतात. हा सरहंग जहाजावर चढला, मधला ह समुद्रात पडला आणि राहिला तो सारंग : खलाशांचा म्होरक्या. शिवाजी महाराजांच्या आरमारातला दर्यासारंग आठवा. दर्या फारसी, सारंगही फारसी. तिथे कोणी 'समुद्रातलं हरीण' असा अर्थ लावून दाखवावा, मी बक्षीस देतो. रत्नागिरी-सिंधुदुर्गाकडची सारंग आडनावाची घरंही माझ्या मते याच हुद्द्यावरून आली, रागावरून नव्हे. इंग्रजांनी त्याचा 'सेरँग' केला. आणि आगबोटीवर या सेरँगच्या हाताखाली कोण असे? टिंडल. म्हणजे आपला तांडेल!

उतरंड अशी : सारंग, त्याखाली तांडेल, मग सुकाणी, मग खलाशी. तुम्ही पोराच्या नावात दोन हुद्दे लागोपाठ बसवलेत, तेही बरोबर क्रमाने. हे ध्यानात आल्यावर मी हातातला चहा खाली ठेवला.

आता तांडेलाचं. काही जुने कोश त्याला तांड्याशी नेऊन बांधतात : तांडा हाकतो तो तांडेल. ऐकायला छान. पण तांडा बैलांचा, लमाणांचा, घाटावरच्या धुळीतला. तो हर्णैच्या वाळूत उतरला कधी? मल्याळममध्ये तण्डु म्हणजे वल्हं, आणि तिथल्या तण्डल या शब्दाची फोड वल्हं ओढण्यावरून करणारेही आहेत. मी त्यांच्या बाजूचा. बोटीवरचा शब्द बोटीनेच येतो, किनाऱ्या-किनाऱ्याने, केरळातून वर. कोशकार विद्वान असतील, पण त्यांच्या तळहाताला वल्ह्याचा घट्टा पडलेला दिसत नाही.

नाखवाही तसाच. नाव अधिक खुदा, म्हणजे नावेचा धनी, तो नाखुदा, त्याचा नाखवा. सुकाणू अरबी 'सुक्कान'मधून. आणि नांगर! शेतातला नांगर संस्कृत लांगल, पण बोटीचा नांगर हा फारसी लंगर, असं माझं ठाम मत आहे. फाळासारखा जमिनीत रुततो म्हणून तोही नांगर, असं सांगणारे भेटतात. त्यांना मी एवढंच विचारतो, की लंगर काय खडकाला गुदगुल्या करतो? दोन वेगळे शब्द घासून घासून एकसारखे झाले, इतकंच. सारंगाचंही तेच : एक संस्कृतातून रानातून आला, दुसरा फारसीतून समुद्रावरून, आणि कोकणात दोघांची गाठ पडली.

जयगडच्या बाजूला एका सारंग आडनावाच्या घरी गेलो होतो. दाराच्या पाटीवर नावाशेजारी सोनेरी हरीण, चारही पाय हवेत. पडवीत म्हातारबाबा जाळं घेऊन बसलेले, दातांत दोरा धरून गाठ मारत होते. मी हरणाबद्दल विचारलं तर दोरा सोडून म्हणाले, "ती हौस सुनेची. आजा माझा बोटीवर सारंग. हरीण त्याने बघितलंन की नाही देव जाणे." सून आतून म्हणाली, "पेंटरनेच सांगितलं, सारंग म्हणजे हरीण." पेंटरला कोणी सांगितलं, ते मला ठाऊक आहे. त्याच याद्या.

हां, तुमची पत्रिका राहिलीच. शिडाचं गलबत छापा. घरातल्या कोणी हरणाचा हट्टच धरला, तर ते गलबतात बसवा, सुकाणूपासून जरा लांब.